शाळेत शहाणा, घरी तांडव: पहिलीतल्या पोराचं करायचं काय?

नागपूरच्या मानेवाड्यातल्या एका आईचा प्रश्न आहे. मुलगा इंग्रजी माध्यमात पहिलीला, जूनच्या शेवटी शाळा उघडली तेव्हा साडेपाच वर्षांचा, वाढदिवस डिसेंबरात. शाळेतल्या मॅडम म्हणतात, एकदम शांत आहे, काही त्रास नाही. घरी मात्र दोन वाजता ऑटोतून उतरला की दप्तर भिरकावतो, जेवणावरून रडारड करतो, तीन वर्षांच्या बहिणीला, चिऊला, ढकलतो, मारतो. डबा तसाच परत आलेला असतो आणि हा 'खाल्ला' म्हणून सांगतो. होमवर्क विचारला तर 'दिलाच नाही'. सासूबाई म्हणतात, पोट्ट्याचे लाड झाले. नवरा म्हणतो, दोन ठेवून दे, सरळ होईल. हा हायपर आहे का, डॉक्टरकडे न्यायचा का आणि शाळेत हे सांगावं की नाही, असं त्या विचारतात.

मी बरीच वर्षं पहिली-दुसरीला शिकवलं, आता याच वयाच्या मुलांच्या आईवडिलांसोबत समुपदेशनाचं काम करते. हा प्रश्न ऑगस्टमध्ये हमखास येतो. शाळेची नवलाई तोवर ओसरलेली असते आणि अभ्यासाने वेग घेतलेला असतो.

ताई, सुरुवात वयापासून करू. आपल्या राज्यात पहिलीच्या प्रवेशासाठी ३१ डिसेंबरपर्यंत सहा वर्षं पूर्ण व्हावी लागतात. म्हणजे तुमचा मुलगा वर्गात जवळपास सगळ्यात लहान असणार. त्याच बाकावर मागच्या जानेवारीत सहा पूर्ण झालेलं मूलही बसलेलं असू शकतं. पंचविशी-तिशीत एका वर्षाने काही बिघडत नाही, पण साडेपाचला ते फार मोठं असतं. एका जागी बसणं, पेन्सिल धरणं, आपली पाळी येईपर्यंत थांबणं, शर्टाची बटणं लावणं, सगळ्यात फरक दिसतो. वर्गातल्या सर्वांत लहान मुलांवर अतिचंचलतेचा शिक्का जास्त वेळा बसतो, हे वेगवेगळ्या देशांतल्या अभ्यासांत दिसून आलं आहे. त्यामुळे त्याची तुलना वर्गातल्या पहिल्या नंबरच्या मुलाशी करू नका. शेजारी केजी टू मध्ये कोणी असेल तर त्याच्याशी करा, जीव थोडा हलका होईल.

हायपरबद्दल एवढंच सांगते की एडीएचडी, म्हणजे लक्ष न टिकण्याचा आणि अतिचंचलतेचा विकार, म्हणायला लक्षणं किमान दोन ठिकाणी, म्हणजे घरीही आणि शाळेतही दिसावी लागतात आणि सहा महिने तरी टिकावी लागतात. जो मुलगा शाळेत चार-साडेचार तास जागेवर बसतो आणि घरीच उसळतो, त्याच्याबाबत माझ्या मनात ती शंका पहिली येत नाही. पहिली शंका येते ती दोन ते तीन या तासाची.

शाळेत तो काय काय सांभाळतो ते बघा. घरी मराठी, गल्लीत हिंदी, वर्गात इंग्रजी. मॅडम काय म्हणाल्या ते अर्धं शब्दांवरून कळतं, अर्धं बाजूच्या मुलाकडे बघून. रडू आलं तरी रडायचं नाही, शूला जायचं तर हात वर करायचा, कोणी रबर घेतलं तर गप्प बसायचं. या वयात स्वतःला आवरण्याची ताकद मोजकीच असते आणि ती शाळा सुटेपर्यंत संपते. उरलेलं बाहेर पडतं ते जिथे भीती नाही तिथे, म्हणजे तुमच्यासमोर. 'माझ्यासमोरच असा का वागतो, मी कुठे कमी पडते?' असं आया मला रडवेल्या होऊन विचारतात. तुम्ही कमी पडत नाही आहात. त्याला खात्री आहे की काहीही झालं तरी ही बाई मला टाकून देणार नाही, म्हणून तो तुमच्यासमोर मोकळा होतो.

पण म्हणून दप्तर भिरकावू द्यायचं, असं नाही. त्या तासाची घडी बदलायची.

ऑटो येतो तेव्हा तुम्ही फाटकाशी असता. तो उतरता उतरता तुम्ही विचारता, 'डबा खाल्ला का? होमवर्क काय दिला? मॅडम काय म्हणाल्या?' तीन वाक्यांत तीन हिशेब. हे बंद करा. पहिली वीस-पंचवीस मिनिटं एकही प्रश्न विचारायचा नाही. 'आलास? चल,' एवढं पुरे. दप्तर तुम्हीच घ्या हातात, त्याने त्याचे लाड होत नाहीत. नंतर संध्याकाळी दप्तर भरायचं काम त्याचंच ठेवा.

घरात शिरल्यावर आधी संडास-बाथरूम. हे बहुतेक आईवडिलांच्या डोक्यात येत नाही. शाळेच्या संडासात वास येतो, कडी लागत नाही, मोठी पोरं बाहेर हसतात, म्हणून कितीतरी मुलं शाळाभर थांबवून ठेवतात. थांबवायला लागू नये म्हणून पाणीच पीत नाहीत. त्याची पाण्याची बाटली आठवडाभर बघा. भरलेली परत येत असेल तर अर्धं उत्तर तिथेच मिळालं. नागपूरच्या दमट ऑगस्टात, पत्र्याच्या ऑटोत कोंबून आलेलं, तहानलेलं, भुकेलं आणि शू आवरून बसलेलं मूल गोड बोलेल तरी कसं? मोठा माणूसही बोलत नाही. पोट नीट साफ होत नसेल, चड्डीला डाग लागत असतील, तर बालरोगतज्ज्ञांना दाखवा. बद्धकोष्ठतेने चिडचिडी झालेली आणि औषध-पाण्याने शांत झालेली मुलं मी पाहिली आहेत.

मग पाणी आणि लगेच खायला काहीतरी. पूर्ण जेवण नको, ताट वाढेपर्यंत त्याचा धीर सुटतो. केळं, चिवडा, गूळ-पोळीचा लाडू, सकाळचे उरलेले पोहे, काहीही. अर्ध्या तासाने जेवण. डबा का येतो परत, तेही बघा. छोट्या सुटीत डबा उघडून, भाजी-पोळी तोडून खाणं साडेपाच वर्षांच्या हाताला जमतंच असं नाही. झाकण घट्ट असलं तर काही मुलं लाजून मॅडमना सांगतच नाहीत. रविवारी घरी घड्याळ लावून त्याच डब्यात खायला द्या. कुठे अडतं ते तुमच्यासमोर येईल. पोळीचे रोल केले की डबा संपतो, हा साधा उपाय निम्म्या घरांत लागू पडतो.

जेवण होईपर्यंत मोबाइल आणि टीव्ही नको. तो मोबाइलवर शांत दिसतो, पण काढून घेताना जे महाभारत होतं ते त्या तासाच्या थकव्यात तुम्हाला झेपणार नाही. त्यापेक्षा अंगणात पाणी, माती, चेंडू, काहीतरी हातापायांना काम द्या. पाऊस असेल तर गादीवर उड्या मारू द्या.

आता मारण्याचं. तो बहिणीला ढकलतो तेव्हा तुमच्या घरात काय होत असेल ते मी अंदाजाने सांगते. तुम्ही स्वयंपाकघरातून ओरडता, 'काहून मारून राहिला रे तिला?' तो म्हणतो, 'तिनं माझी गाडी घेतली.' तुम्ही म्हणता, 'लहान आहे ना ती, दे तिला.' म्हणजे मारल्यावर आईचं सगळं लक्ष मिळालं, वर गाडीही गेली आणि त्याच्या तक्रारीला उत्तर मिळालंच नाही. 'काहून' या प्रश्नाला त्याच्याकडे खरं उत्तर नसतं. राग आला आणि हात गेला, एवढंच झालेलं असतं.

दुरून ओरडू नका, जवळ जा. त्याचा हात धरा, आवळायचा नाही, थांबवण्यापुरता धरायचा. बसून त्याच्या डोळ्यांच्या उंचीवर या आणि एकच वाक्य हळू आवाजात सांगा: 'मारायचं नाही. मी मारू देणार नाही.' मग त्याला सोडा आणि आधी बहिणीकडे वळा. तिला लागलं का बघा, कुशीत घ्या. मारल्यावर लक्ष मार खाणाऱ्याला मिळतं, मारणाऱ्याला मिळत नाही, हे त्याला न सांगता कळतं. तो रडेल, पाय आपटेल. त्या वेळी समजावणं व्यर्थ आहे, रागाच्या भरात या वयाच्या डोक्यात व्याख्यान शिरत नाही. जवळपास राहा, काही बोलू नका.

शिकवायचं ते नंतर, पोट भरल्यावर, रात्री अंथरुणावर. 'चिऊने गाडी घेतली तर तू काय करशील?' त्याला वाक्य द्या: 'दे माझी गाडी,' आणि नाही दिली तर 'आई, ये इकडे.' हे दोघांनी नाटक करून बघायचं. तुम्ही चिऊ व्हा, गाडी पळवा, त्याला वाक्य म्हणू द्या. तो हसेल, पुन्हा पुन्हा करायला लावेल. करा. मग दुसऱ्या दिवशी त्याने खरंच 'आई, ये इकडे' म्हटलं, तर गॅस बंद करून जा. पहिले आठ-दहा दिवस तरी जाच. तो हाक मारतो आणि कोणी येत नाही, हे दोनदा झालं की पुन्हा हात उठेल. आणि त्याची एक-दोन खेळणी फक्त त्याचीच ठेवा, वरच्या फळीवर. लहान बहीण आहे म्हणून सगळंच वाटून घे, हा अन्याय त्याला कळतो.

तान्हा पोळा, म्हणजे मुलांचा लाकडी नंदीचा पोळा, येतोच आहे. घरी एकच लाकडी नंदी असेल तर चिऊसाठी दुसरा छोटा आणा, नाहीतर पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी काय होईल ते मला इथे बसून दिसतं. बेगड, झूल, घुंगरू लावायचं काम त्याच्याकडे द्या आणि तिला शिकवायचंही त्याच्याकडेच. मोठा भाऊ असण्याचे तोटे त्याला रोज दिसतात, थोडा मानही मिळू द्या.

खोटं बोलण्याकडे मी तुमच्याइतक्या काळजीने बघत नाही. पाच-सहा वर्षांचं मूल खोटं बोलतं तेव्हा त्याला इतकं कळलेलं असतं की माझ्या मनातलं आईला दिसत नाही. ती वाढीची खूण आहे. पण ते सवयीचं होतं की नाही, हे मोठ्यांवर अवलंबून असतं. व्हिक्टोरिया तलवार आणि कांग ली या संशोधकांनी पश्चिम आफ्रिकेतल्या दोन शाळांमधली तीन-चार वर्षांची मुलं तपासली होती. एका शाळेत छडी चालायची, दुसरीत नाही. छडीच्या शाळेतली मुलं जास्त खोटं बोलली आणि ते निभावूनही जास्त सफाईने नेलं. २०११ मध्ये हा अभ्यास प्रसिद्ध झाला. भीतीने मूल खरं बोलायला शिकत नाही, पकडलं न जायला शिकतं.

तुमच्या घरात करायची गोष्ट सोपी आहे. ज्याचं उत्तर तुम्हाला माहीत आहे तो प्रश्न विचारू नका. डबा जड लागतोय हे हाताला कळलं, तरी 'खाल्ला का?' विचारलं, तर तुम्हीच त्याला खोटं बोलायची जागा करून दिली. त्याऐवजी म्हणा, 'डबा उरलाय. आवडला नाही की वेळ पुरला नाही?' होमवर्कसाठी डायरी बघा किंवा वर्गाच्या ग्रुपवर बघा, त्याची साक्ष कशाला काढायची? आणि तो खरं बोलला, 'मी भाजी खाली टाकली' म्हणाला, तर त्या क्षणी रागावू नका. फडकं द्या, पुसू द्या, विषय संपला.

कौतुकाचाही याच्याशी संबंध आहे. कॅरल ड्वेक आणि क्लॉडिया म्यूलर या संशोधकांच्या १९९८ च्या प्रयोगांत 'तू किती हुशार' असं कौतुक झालेली मुलं पुढे अवघड कामं टाळू लागली आणि आपले गुण फुगवूनही सांगू लागली. 'मेहनत घेतलीस' हे ऐकलेली मुलं अवघड कामाला भिडली. ती मुलं दहा-अकराची होती, पण पहिलीतही हेच दिसतं. 'शहाणं बाळ माझं' पेक्षा 'चिऊने वही ओढली, तू हात उचलला नाहीस, मला हाक मारलीस' हे ऐकलं की उद्या नेमकं काय पुन्हा करायचं ते त्याला कळतं.

दोन ठेवून देण्याबद्दल तुमच्या मिस्टरांना माझ्याकडून सांगा: तात्पुरता उपयोग होतो, म्हणूनच तर लोक मारतात. थोबाडीत बसली की तो दहा मिनिटं गप्प होईल. पण 'मोठा माणूस चिडला की लहानाला मारतो' हा धडा त्याने गिरवला, तर गिरवायला घरात त्याच्याहून लहान एकच आहे, चिऊ. शाळेत मुलाला मारणं आणि मानसिक त्रास देणं शिक्षण हक्क कायदा २००९ च्या कलम १७ ने बंद केलं. घराला तो कायदा लागू नाही, पण मुलाचा गाल तोच आहे. 'आम्ही मार खाऊनच मोठे झालो' यावर मी वाद घालत नाही. तुम्ही मोठे झालात ते मारामुळे झालात की मार खाऊनही झालात, एवढंच विचारते.

मिस्टरांना काम द्या. संध्याकाळी पंधरा मिनिटं फक्त त्याच्यासोबत, मोबाइल बाजूला ठेवून, चिऊशिवाय. काय खेळायचं ते पोरगा ठरवेल. शिकवायचं नाही, चुका काढायच्या नाहीत. ही पंधरा मिनिटं शिक्षा म्हणून कधी काढून घ्यायची नाहीत. दिवस वाईट गेला त्या दिवशी तर मुळीच नाही.

सासूबाईंशी भांडून काही होणार नाही. 'आई, तुमचं ऐकतो तो' म्हणून एकच नियम त्यांच्याकडे सोपवा: जेवणाआधी मोबाइल नाही. आजी आणि आई वेगळं बोलतात हे मुलाला चार दिवसांत कळतं, मग तो पहिले आजीकडेच जातो. सगळे नियम जुळवायला जाऊ नका, दोन-तीन जुळले तरी घर चालतं. मारायचं नाही, जेवताना स्क्रीन नाही, झोपायची वेळ ठरलेली.

इथे एक सावध करते. मोबाइल बंद केला की पहिले काही दिवस तांडव वाढणार आहे. आतापर्यंत रडल्यावर मिळत होता, आता मिळत नाही, तर तो आणखी जोरात रडून बघेल. बहुतेक घरं इथेच हरतात. पाचव्या दिवशी, पाहुणे बसलेले असताना, 'घे बाबा एकदाचा' म्हणून देतात. त्यातून तो शिकतो की एवढ्या जोराने रडलं की मिळतो. द्यायचाच असेल तर रडायच्या आधी द्या. रडल्यावर नाही म्हणालात, तर मग नाहीच. पाहुण्यांना वाईट वाटलं तर वाटू द्या.

झोपेचं फार सांगत नाही. सहा ते बारा वर्षांच्या मुलांना चोवीस तासांत नऊ ते बारा तास झोप लागते, त्याहून लहानांना थोडी जास्तच. तुमचा मुलगा त्या रेषेवरच आहे. प्राथमिकच्या चौथीपर्यंतच्या शाळा सकाळी नऊच्या आधी भरवू नयेत, असा आदेश राज्य सरकारने २०२४ मध्ये काढला तो झोपेसाठीच. पण शाळा नऊला म्हणून घर रात्री अकराला झोपत असेल, तर तो आदेश वाया गेला. नऊ-साडेनऊला अंधार करा.

डॉक्टरकडे कधी? वर सांगितलेलं दीड-दोन महिने नेटाने करूनही मारणं कमी झालं नाही, तो स्वतःला इजा करू लागला, आधी बोलत होता तेवढंही बोलेनासा झाला, नजर देत नाही, रात्री दचकून उठतो, शाळेत जायच्या नावाने रोज पोटात दुखतं, किंवा कोणा एका माणसाला बघून घाबरतो, तर थांबू नका. शेवटच्या दोन गोष्टींत तर दीड महिनाही नको. आधी नेहमीचे बालरोगतज्ज्ञ, ते कान, डोळे आणि रक्त तपासतील. कमी ऐकू येणारं मूल 'ऐकतच नाही' म्हणून बोलणी खात असतं. मग मेडिकल, म्हणजे आपलं सरकारी वैद्यकीय महाविद्यालय, किंवा मिहानच्या एम्समधला मानसोपचार विभाग. तिथे गेलं म्हणजे पोरगा वेडा ठरत नाही, ही समजूत आपल्याकडे अजून काढावी लागते. घरूनच बोलायचं असेल तर मानसिक आरोग्यासाठीच्या टेलि-मानसचा १४४१६ हा सरकारी क्रमांक चोवीस तास आहे, मराठीत बोलता येतं. अक्षरं उलटी काढतो म्हणून आत्ताच डिस्लेक्सियाची, म्हणजे वाचन-लेखनातल्या अडचणीची, तपासणी नको, पहिलीत ते बऱ्याच मुलांचं होतं.

आणि शाळेत सांगायचं का? सांगा, पण तक्रारीच्या सुरात नको. तीस मुलांच्या वर्गात मॅडमना जो त्रास देत नाही तो चांगला वाटतो, ते साहजिक आहे, मीही तशीच बघायचे. पण शांत मूल समजून शांत आहे की काही कळत नाही म्हणून, हे विचारल्याशिवाय समजत नाही. येत्या पालकसभेत 'कसा आहे तो?' असं मोघम विचारू नका, उत्तरही मोघमच मिळेल. सुटीत कोणासोबत बसतो, डबा उघडायला कोणी मदत करतं का, शूला जायला विचारतो का, आणि मराठीत सांगितलं तर कळतं पण इंग्रजीत अडतो असं होतं का, हे चार प्रश्न चिठ्ठीवर लिहून न्या. मॅडमना लगेच सांगता आलं नाही तर आठवडाभर बघून सांगा म्हणा. घरी तो काय करतो हे त्याच्यासमोर मात्र बोलू नका. शाळेत त्याने कमावलेलं नाव त्याला तिथे राहू द्या.